आधी पैसा, मग प्रवास

दसरा सरला की गंगाखेड, सोनपेठ, पालम, जिंतूर या तालुक्यांच्या बाजारपेठांत एक वेगळीच गर्दी दिसू लागते. ही सणाची खरेदी नव्हे. ज्वारीचे पोते, तिखट-मीठ, गोडेतेलाचा डबा, दोन पातेली, झोपडीवर अंथरण्यासाठी प्लॅस्टिकचा जाड कागद आणि नव्या मुठीचा कोयता असा पाच महिन्यांचा संसार एका दुपारी विकत घेतला जातो. रात्री ट्रक किंवा ट्रॅक्टर वस्तीवर येतो. भांडी, सरपण, शेळी, कोंबड्या आणि लेकरे एकाच गाडीत चढतात, आणि सातारा, सांगली, कोल्हापूर, पुणे, सोलापूर, क्वचित कर्नाटकातील बेळगावच्या दिशेने ऊसतोडणीची टोळी निघून जाते. मागे तांड्यावर म्हातारी माणसे राहतात आणि दारांना कुलुपे लागतात. चातुर्मास संपून साधु-साध्वींचा विहार सुरू होतो तोही थोड्या दिवसांच्या अंतराने याच सुमारास. पण तो संकल्पाचा प्रवास, आणि हा कशाचा, हे ठरवणे तितके सोपे नाही.

या गिऱ्हाइकाला माल बांधून देणारा दुकानदार पुष्कळदा स्वतःच स्थलांतरिताचा नातू किंवा पणतू असतो. विक्रम संवत १९५६ चा, म्हणजे इसवी सन १८९९-१९०० चा ‘छप्पन्या’ दुष्काळ मारवाडात आजही नावाने ओळखला जातो. त्या आणि त्याआधीच्या दुष्काळांत राजस्थानातून असंख्य कुटुंबे बाहेर पडली. त्याच काळात निजामाच्या मुलखातून मनमाड ते हैदराबाद असा लोहमार्ग तयार होत होता. सेलू, मानवत, परभणी, पूर्णा ही नावे रेल्वेच्या नकाशावर आली आणि गोदावरी-पूर्णेच्या काळ्या जमिनीतील कापसाला दूरची बाजारपेठ मिळाली. लोटा-दोरी घेऊन एक जण आला, दोन वर्षांनी त्याने धाकट्या भावाला बोलावले, मग भाचा आला, मग गावचा कोणी. अभ्यासक याला साखळी स्थलांतर म्हणतात. घराघरांत ही कथा थोड्याफार फरकाने सांगितली जाते.

म्हणजे गल्ल्याच्या अलीकडे एक स्थलांतरित कुटुंब आणि पलीकडे दुसरे. एकाचे स्थलांतर एका पिढीत संपले. पुढची पिढी परभणीची झाली. दुसऱ्याचे स्थलांतर तीन पिढ्या दरवर्षी सुरूच आहे आणि संपत नाही. दोघेही दुष्काळातून निघाले, दोघेही रिकाम्या हाताने निघाले, दोघांच्या कष्टाळूपणाबद्दल कोणी शंका घेणार नाही. मग फरक कशात पडला?

माणूस गाव का सोडतो, या प्रश्नाचा शास्त्रशुद्ध विचार सव्वाशेहून अधिक वर्षे चालू आहे. विल्यम फार नावाच्या नामांकित संख्याशास्त्रज्ञाने स्थलांतराला काही नियम असल्याचे दिसत नाही, असा अभिप्राय दिला होता. त्याचे उत्तर म्हणून मूळचे जर्मन आणि इंग्लंडमध्ये स्थायिक झालेले भूगोलज्ञ अर्न्स्ट रावेन्स्टाइन यांनी १८८५ मध्ये ब्रिटनच्या जनगणनेचे आकडे तपासून ‘स्थलांतराचे नियम’ मांडले. बहुतेक माणसे जवळच्याच अंतरावर जातात. प्रत्येक मोठ्या प्रवाहाला उलटा एक छोटा प्रवाह असतो. जवळच्या अंतरात पुरुषांपेक्षा स्त्रियाच अधिक स्थलांतर करतात. हे सारे नियम त्यांनी लंडन-ग्लासगोकडे पाहून लिहिले, पण मराठवाड्यालाही ते बरेचसे लागू पडतात. उलट्या प्रवाहाचे उदाहरण शेजारच्याच जालन्यात आहे. जालना जिल्ह्यातील शेतमजूर ऊस तोडायला पश्चिम महाराष्ट्रात जातात आणि जालन्याच्या पोलाद कारखान्यांत काम करायला माणसे मध्य प्रदेशातून येतात. ८ मे २०२० च्या पहाटे करमाडजवळ रुळांवर झोपलेल्या ज्या १६ मजुरांवरून मालगाडी गेली, ते जालन्याहून पायी गावाकडे निघालेले असे मजूर होते. तोच लोहमार्ग पुढे परभणीला येतो.

पुढे १९६६ मध्ये एव्हरेट ली यांनी मूळ गावातील ढकलणारी कारणे, मुक्कामाच्या ठिकाणची ओढणारी कारणे आणि मधले अडथळे अशी मांडणी केली. शाळेच्या भूगोलात ती आजही शिकवतात. आर्थर लुइस यांनी १९५४ मध्ये सांगितले की शेतीतील जास्तीचे मनुष्यबळ उद्योगांकडे वळते आणि त्यातूनच अर्थव्यवस्था वाढते. मायकेल टोडारो यांनी त्यात दुरुस्ती केली. शहरात बेकारी दिसत असूनही माणूस तिकडे का जातो? कारण तो आजची नव्हे, तर मिळण्याची शक्यता असलेली मजुरी मोजतो, असे त्यांचे उत्तर होते. परभणीहून पुण्याला स्पर्धा परीक्षेच्या तयारीसाठी जाणारी पदवीधर मुले टोडारोंनी पाहिली नव्हती, पण त्यांचे वर्णन मात्र अचूक करून ठेवले.

या सर्व सिद्धान्तांत निर्णय घेणारा माणूस एकटा असतो आणि तो मजुरीच्या दोन आकड्यांची तुलना करतो. ऊसतोडणीच्या बाबतीत ही चौकट अपुरी पडते. १९८५ मध्ये ओडेड स्टार्क आणि डेव्हिड ब्लूम यांनी वेगळा विचार पुढे आणला. त्यांचे म्हणणे असे की स्थलांतराचा निर्णय एकट्या माणसाचा नसून कुटुंबाचा असतो, आणि त्याचे कारण केवळ मजुरीतील तफावत नसते. खेड्यात कर्ज मिळण्याची आणि संकटात विमा मिळण्याची सोय नसते किंवा तुटपुंजी असते. ही उणीव भरून काढण्यासाठी कुटुंब आपला एखादा माणूस दूरच्या बाजारात पाठवते. पाऊस हुकला तरी त्याची कमाई हुकत नाही. म्हणजे त्या घरासाठी स्थलांतर हे एक प्रकारचे कर्ज असते आणि विमाही असतो.

पतपुरवठ्याच्या व्यवहाराशी ज्यांचा संबंध आला आहे त्यांना हा विचार चटकन पटेल. परंतु परभणीत त्यालाही एक उलटी कलाटणी मिळालेली दिसते. केरळचा माणूस आखातात जातो, कोकणातला मुंबईला जातो, आणि मग घरी मनीऑर्डर येते. आधी माणूस जातो, मागून पैसा येतो. ऊसतोडणीत पैसा आधी घरी येतो आणि तो फेडण्यासाठी माणूस मागून जातो. या आगाऊ रकमेला ‘उचल’ म्हणतात. ती मुकादम देतो. मुकादमाला ती कारखान्याकडून किंवा वाहतूक ठेकेदाराकडून मिळालेली असते. दसऱ्यानंतर ट्रक दारात उभा राहतो तेव्हा स्थलांतराला सुरुवात झाली असे आपण समजतो. खरे पाहता ती सुरुवात ज्येष्ठ-आषाढात झालेली असते, जेव्हा बियाणे घ्यायचे असते, मुलीचे लग्न उरकलेले असते किंवा घरात दवाखाना निघालेला असतो, आणि मुकादम नोटा मोजून हातावर ठेवतो.

त्या क्षणी त्या घरापुढे दुसरा पर्याय कोणता असतो? दोन एकर कोरडवाहू जमिनीवर सोयाबीनसाठी पीककर्ज मिळते, पण ते हंगामापुरते आणि पिकाच्या ठरलेल्या दरानेच. किसान क्रेडिट कार्डाच्या मर्यादेत घरखर्चासाठी १० टक्क्यांची तरतूद असते. मर्यादा ५० हजारांची असेल तर ती ५ हजार होते. त्यात लग्न होत नाही आणि शस्त्रक्रियाही होत नाही. जमीन अजून वडिलांच्या नावे, वाटणी झालेली नाही, सातबाऱ्यावर चार भाऊ, असे असले तर तेवढेही नाही. भूमिहीनाची तर गोष्टच वेगळी. मुकादम मात्र सातबारा मागत नाही, जामीनदार मागत नाही, रात्री दहा वाजताही दार उघडतो. तारण म्हणून तो एकच गोष्ट पाहतो, ती म्हणजे त्या घरातील चार हात. नवरा-बायकोची जोडी म्हणजे एक ‘कोयता’. माणसाची गणती अवजाराच्या नावाने व्हावी, यातच त्या तारणाचे स्वरूप स्पष्ट होते.

आता थोडे गणित मांडून पाहू. जानेवारी २०२४ मध्ये तोडणीच्या दरात ३४ टक्के वाढ मान्य झाली आणि दर टनामागे सुमारे ३६६ रुपयांवर गेला. समजा, एका जोडप्याने १ लाख रुपये उचल घेतली आहे आणि दोघे मिळून दिवसाला २ टन ऊस तोडतात. दिवसाची कमाई ७३२ रुपये. निव्वळ मुद्दल फिटायला १३७ दिवस लागतात. तेही एकही दिवस आजारपण किंवा खाडा न होता. किराण्यासाठी अधूनमधून जी खर्ची मिळते ती वेगळी, आणि तीही हिशेबातच धरली जाते. पाऊस कमी झालेल्या वर्षी ऊसच कमी असतो, गाळप लवकर आटोपते. हंगाम १०० दिवसांचाच झाला तर ७३ हजार २०० रुपये फिटले आणि २६ हजार ८०० रुपये बाकी राहिले. ही बाकी पुढच्या हंगामाच्या उचलीत मिळवली जाते. ज्या दुष्काळाने गावातले पीक बुडवले, तोच दुष्काळ तिकडच्या उसाच्या फडातही हिशेब बिघडवतो. स्टार्क यांच्या सिद्धान्तातील विमा नेमका ज्या वर्षी लागतो त्याच वर्षी पातळ होतो. १९७६ च्या वेठबिगार निर्मूलन कायद्याने आगाऊ रकमेपोटी बांधून घेतलेल्या श्रमाला बेकायदा ठरवले, हे येथे आठवल्याशिवाय राहत नाही.

मुकादमाला सरसकट खलनायक ठरवणे मात्र अन्यायाचे होईल. तो बहुधा त्याच तांड्यावरचा, पूर्वी स्वतः कोयता धरलेला असतो. टोळीतील दोन जोडपी उचल घेऊन दुसऱ्याच टोळीबरोबर निघून गेली तर भरपाई त्याच्या गळ्यात पडते. कारखान्याशी कागदावर सही त्याची असते. तोही एका साखळीतील मधला दुवा आहे, आणि साखळीची वरची टोके पाहायची तर पश्चिम महाराष्ट्रात जावे लागते.

१९५० मध्ये प्रवरानगरला विठ्ठलराव विखे पाटील आणि धनंजयराव गाडगीळ यांच्या प्रयत्नांतून आशियातील पहिला सहकारी साखर कारखाना उभा राहिला, आणि पुढच्या काही दशकांत कृष्णा-भीमा-प्रवरेच्या खोऱ्यांत कारखान्यांची रांग लागली. त्या सहकाराने ऊसउत्पादकाला मालक केले, ही फार मोठी गोष्ट होती. ऊस तोडणारा मात्र सभासद झाला नाही. तोडलेल्या उसातील साखर तासागणिक घटते, म्हणून तो लवकरात लवकर गाळावा लागतो. गाडी रात्री दोनला आली तरी मोळ्या तेव्हाच भरल्या पाहिजेत. असे काम स्थानिक मजुराकडून करून घेणे अवघड, कारण त्याला घर आहे, शेजारी आहेत, नाही म्हणण्याची सोय आहे. यान ब्रेमन या डच समाजशास्त्रज्ञांनी दक्षिण गुजरातेतील बारडोलीच्या साखर कारखान्यांचा अभ्यास केला तेव्हा तेथे नेमके हेच आढळले. गावात भूमिहीन हळपती मजूर असताना तोडणीसाठी माणसे आणली जात होती ती खानदेशातून. परका मजूर चोवीस तास हाताशी राहतो आणि हंगाम संपताच निघून जातो, हीच त्याची उपयुक्तता. १९७० च्या दशकातील हे निरीक्षण मराठवाड्यातील वाचकाला जुने वाटणार नाही. परभणी जिल्ह्यात जायकवाडीच्या डाव्या कालव्याचे पाणी आले, ऊस आला, कारखानेही उभे राहिले. तरी जिल्ह्यातील टोळ्यांचे बाहेर जाणे थांबलेले नाही. केवळ काम नसणे हेच कारण असते तर असे झाले नसते.

या लोकांची संख्या किती, हे विचारले की शास्त्र अडखळते. २०११ च्या जनगणनेने देशात सुमारे ४५ कोटी अंतर्गत स्थलांतरित मोजले, म्हणजे लोकसंख्येच्या ३७ टक्के. त्यात दोन तृतीयांशांहून अधिक स्त्रिया, आणि त्यांच्या बाबतीत मुख्य कारण विवाह. रावेन्स्टाइन यांचा नियम येथेही खरा ठरतो; लग्न होऊन पाथरीहून मानवतला आलेली सूनही या ४५ कोटींत असते. परंतु ऊसतोड मजूर या जाळ्यात नीट सापडत नाही. त्या जनगणनेतील लोकसंख्येची मोजणी ९ ते २८ फेब्रुवारी या काळात झाली, आणि फेब्रुवारी म्हणजे तोडणीचा ऐन भर. गावी प्रगणक आला तेव्हा दाराला कुलूप होते. तिकडे गेला असेल तर उसाच्या वाळक्या पाल्याच्या कोपीत त्याला एक कुटुंब दिसले असेल, जे दीड महिन्यात तेथून उठणार होते. २०२७ च्या जनगणनेची संदर्भतारीखही १ मार्च हीच ठरली आहे.

कायद्याचीही तीच गत झाली. स्थलांतरित कामगारांसाठी १९७९ मध्ये झालेला केंद्रीय कायदा नावाप्रमाणेच आंतरराज्य होता. सोनपेठहून बेळगावला जाणारा त्यात बसत होता, सोनपेठहून कोल्हापूरला जाणारा बसत नव्हता. फडातल्या उन्हाला मात्र राज्याची सीमा ठाऊक नसते.

परिणामांची चर्चा बहुधा गावाकडे येणाऱ्या पैशापासून सुरू होते. येथे ती घरातील स्त्रीपासून करणे अधिक योग्य. पहाटे चारला उठून भाकरी थापणे, मग दिवसभर तोडलेल्या उसाच्या मोळ्या बांधून डोक्यावरून गाडीत चढवणे, संध्याकाळी पाणी शोधणे हे सारे तिचे. हिशेब मात्र जोडीचा आणि तो नवऱ्याच्या नावे. आजारपणाचा खाडा परवडत नाही म्हणून बीड जिल्ह्यात कित्येक तरुण स्त्रियांच्या गर्भाशयाच्या शस्त्रक्रिया झाल्याचे उघड झाले आणि २०१९ मध्ये नीलम गोऱ्हे यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमावी लागली. दुसरा आकडा खुद्द परभणीचा आहे. २०१९-२१ च्या राष्ट्रीय कुटुंब आरोग्य सर्वेक्षणात २० ते २४ वर्षे वयाच्या स्त्रियांपैकी अठराव्या वर्षाआधी लग्न झालेल्यांचे प्रमाण महाराष्ट्रात सुमारे २२ टक्के निघाले, तर परभणी जिल्ह्यात ४८ टक्के. राज्यात ते सर्वांत जास्त होते. याचे सारे खापर ऊसतोडणीवर फोडता येणार नाही; हुंडा, दुष्काळ, शाळेचे अंतर ही कारणेही आहेत. परंतु वयात आलेली मुलगी कोणाच्या भरवशावर मागे ठेवायची, हा आईबापांचा प्रश्न आहे, आणि लग्न झाले की नवा कोयता तयार होऊन दोघांच्या नावे उचल मिळते, हाही व्यवहार आहे. मुलांसाठी साखरशाळा झाल्या, हंगामी वसतिगृहे झाली, २०२१ मध्ये संत भगवानबाबांच्या नावाने शासकीय वसतिगृहांची योजना आली. टनामागे १० रुपये कारखान्यांकडून घेऊन ऊसतोड कामगार कल्याण महामंडळाला बळ देण्याचेही ठरले. यांतील वसतिगृहाची कल्पना सर्वांत मोलाची वाटते, कारण तिच्यामुळे निदान मुले फडात जाण्याचे टळते आणि त्यांचे शाळेचे वर्ष वाचते.

आता पुन्हा दुकानाच्या गल्ल्याकडे वळू. मारवाडातून आलेल्या त्या पूर्वजाकडेही भांडवल नव्हते. टॉमस टिंबर्ग यांनी १९७८ मध्ये मारवाडी व्यापाऱ्यांवर जो ग्रंथ लिहिला, त्यात या यशाचे एक मर्म त्यांनी नोंदवले आहे. नव्याने आलेल्याला मोठ्या पेढ्यांवर नोकरी मिळत असे, जेवणाखाण्यासाठी सामायिक ‘बासा’ असे, आणि काही वर्षांनी उधारीवर माल देऊन त्याला स्वतंत्र दुकान थाटू दिले जाई. म्हणजे त्याच्याही प्रवासाची सुरुवात कर्जानेच झाली. परंतु त्या कर्जातून जे हाती आले तो माल होता. विकून झालेल्या नफ्यावर त्याची मालकी होती, आणि उधारी फिटली की तो मोकळा होता. त्याची पत दर वर्षी वाढत गेली. ऊसतोड मजुराला मिळणारी रक्कम मात्र आली तशी खर्च होते आणि मोबदल्यात त्याचे पाच महिने लिहून घेते. कितीही ऊस तोडला तरी पुढच्या वर्षी त्याच्या नावाची पत वाढत नाही, फार तर उचल वाढते. एका कर्जाने माणूस मालक झाला, दुसऱ्याने त्याचे श्रम गहाण पडले.

पतव्यवहाराची ही कथा एकतर्फी गोडही नाही. १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातील सुपे येथे मारवाडी आणि गुजराती सावकारांविरुद्ध शेतकऱ्यांचा उठाव झाला, तेव्हा जाळण्यात आली ती मुख्यतः कर्जरोख्यांची कागदपत्रे. ज्या समाजाने पतीच्या जोरावर परमुलखात घर केले, त्याच्याच हातून काही ठिकाणी दुसऱ्याची पत गिळली गेली, हे इतिहासाने लिहून ठेवले आहे.

मग ज्येष्ठ-आषाढातल्या त्या एका रात्रीचे काय करायचे? १९९२ पासून स्वयंसहायता गटांना बँकांशी जोडण्याचे काम चालू आहे आणि परभणीच्या खेड्यांतही बचतगटांचे हप्ते बहुतांशी वेळेवर येतात, कारण ते बायकांच्या हातात असतात. पण गटाची बैठक महिन्यातून एकदा आणि कर्जाची फेड मासिक हप्त्याने. ऊसतोडणीच्या घराचा पैसा मात्र वर्षातून एकदा हलतो. पावसाळ्यात कर्ज मिळून फेड थेट चैत्रात होईल, सातबाऱ्याऐवजी गटाची हमी चालेल, आणि कर्ज नवऱ्याच्या नव्हे तर बाईच्या नावे लिहिले जाईल, अशी साधी हंगामी मांडणी केली तर त्या घराला निदान मुकादमाशी दराची आणि दिवसांची घासाघीस करता येईल. तरीही काही घरे ऊस तोडायला जातीलच. पण मग ती मजुरीसाठी जातील, फेडीसाठी नव्हे. दरम्यान फडात तोडणी यंत्रेही दिसू लागली आहेत, आणि यंत्राला उचल द्यावी लागत नाही. ज्यांची पत केवळ कोयत्यावर उभी आहे त्यांच्यासाठी ही गोष्ट दुष्काळाइतकीच चिंतेची ठरू शकते.

पाडव्याच्या मागेपुढे टोळ्या परततात. कुलुपे उघडतात, अंगण सारवले जाते, चार दिवसांत मुकादमाच्या ओट्यावर वही उघडून हिशेब होतो. तारखा, टन, खर्ची, खाडे आणि शेवटी बाकी. ज्याच्या हाती थोडे उरते तो आधी किराणा दुकानातली जुनी उधारी चुकती करायला येतो. दुकानदार खात्यावर आडवी रेघ मारतो, लेकराच्या हातावर गुळाचा खडा ठेवतो, आणि पावसाळ्यासाठी नवे पान उलटतो.